उंबऱ्यावरचा नाताळ

वसईला आमच्या घराला लागूनच एका ख्रिस्ती कुटुंबाचे घर होते. डिसेंबरचा दुसरा आठवडा उजाडला की त्यांच्या ओट्यावर बांबूच्या कामट्या, खळीचे भांडे आणि रंगीत कागद यांचा पसारा पडे, आणि त्या कामट्यांची पाच टोकांची चांदणी होऊन ती दारावर चढेपर्यंत आम्ही मुले तिथून हलत नसू. दिवाळीत आमचा आकाशकंदीलही त्याच घरातला मोठा मुलगा बांधून देई, त्यामुळे दोन्ही कंदिलांच्या कागदाला मला एकच वास येई. अंगणात गवताने शाकारलेला नाताळगोठा उभा राही. २५ तारखेच्या सकाळी त्या घरातल्या मावशींकडून नेवऱ्या, कुलकुल आणि दोदोल यांचे ताट विणलेल्या रुमालाखाली झाकून येई, आणि ताट रिकामे परत करायचे नाही म्हणून आई त्यात निदान साखर तरी घालून देई. हे सगळे थेट ख्रिस्तजन्मापासून असेच चालत आलेले आहे, याबद्दल माझ्या मनात तेव्हा तिळमात्र शंका नव्हती.

ती शंका फार उशिरा, चाळिशी उलटल्यावर, एका अमेरिकन इतिहासकाराचा ग्रंथ वाचताना उत्पन्न झाली. स्टीफन निसेनबाउम हे मॅसॅच्युसेट्स विद्यापीठाच्या ॲमहर्स्ट येथील शाखेत इतिहासाचे प्राध्यापक होते आणि ‘द बॅटल फॉर ख्रिसमस’ हा त्यांचा ग्रंथ १९९६ मध्ये प्रसिद्ध झाला. सणांवरची बहुतेक पुस्तके एकेका प्रथेचे मूळ शोधत मागे मागे जातात. झाड कोणत्या देशातले, मोज्यात भेटी ठेवण्याची कल्पना कोणाची, असे त्यांचे प्रश्न असतात. निसेनबाउम यांनी मात्र हा सण रस्त्यावर साजरा होत असे की घरात, आणि त्या दिवशी कोण कोणाच्या दारात जाऊन उभा राहत असे, हे पाहिले. या प्रश्नाने मला असे काही धरून ठेवले की गेली कित्येक वर्षे डिसेंबर आला की मी तो ग्रंथ पुन्हा उघडते.

ग्रंथाचा आरंभ बंदीपासून होतो. मॅसॅच्युसेट्स बे या वसाहतीच्या विधिमंडळाने १६५९ मध्ये कायदा केला की, जो कोणी कामधंदा बंद ठेवून, मेजवानी करून किंवा अन्य कोणत्याही रीतीने नाताळ पाळताना आढळेल त्याला ५ शिलिंग दंड व्हावा. हा कायदा १६८१ पर्यंत, म्हणजे २२ वर्षे, टिकला आणि अखेर लंडनच्या दबावापुढे मागे घ्यावा लागला. तो करणारे लोक धर्म न मानणारे नव्हते, तर प्युरिटन पंथाचे अत्यंत कडवे ख्रिस्ती होते, आणि त्यांच्या आक्षेपाला शास्त्राधारही होता. बायबलमध्ये ख्रिस्तजन्माची तारीख कुठेही दिलेली नाही. २५ डिसेंबर ही तारीख चौथ्या शतकात रोममध्ये रूढ झालेली दिसते. तिचा आज उपलब्ध असलेला सर्वात जुना उल्लेख इसवी सन ३५४ मध्ये संकलित झालेल्या एका रोमन कालदर्शिकेत आहे, आणि त्याच संकलनात त्याच दिवसापुढे अजिंक्य सूर्याच्या जन्मोत्सवाचीही नोंद आहे. बोस्टनचे धर्मोपदेशक इन्क्रीज मेदर यांनी १६८७ मध्ये बजावून सांगितले की, ख्रिस्त त्या दिवशी जन्मला म्हणून ही तारीख ठरलेली नाही, तर रोमन लोकांचा सॅटर्नेलिया हा उत्सव त्याच सुमारास येत असल्यामुळे ती पत्करली गेली. ख्रिस्ताची गर्भधारणा २५ मार्चला झाली असे मानून पुढे नऊ महिने मोजल्यामुळे ही तारीख आली, असेही काही अभ्यासक सांगतात, त्यामुळे मेदर यांचे म्हणणे अंतिम मानता येत नाही. पण तारखेला बायबलचा आधार नाही, एवढे त्यांचे म्हणणे निर्विवाद होते.

इथे थोडे थांबून एक गोष्ट सांगावीशी वाटते. रोमन लोक जन्मदिवसासाठी जो ‘नातालिस’ शब्द वापरीत, त्याचाच पोर्तुगीजांच्या तोंडी ‘नाताल’ झाला आणि त्यावरून आपला ‘नाताळ’ आला. वसई १५३४ पासून १७३९ पर्यंत पोर्तुगीजांकडे होती, आणि त्यांच्यामागून आलेल्या इंग्रजांचा ‘ख्रिसमस’ मराठीत वावरू लागला तरी ‘नाताळ’ जागचा हलला नाही. ज्या शतकात बोस्टनमध्ये हा सण पाळणे दंडनीय ठरले, त्याच शतकात, १६१६ मध्ये, फादर थॉमस स्टीफन्स या इंग्रज जेजुइटाचे ख्रिस्तपुराण गोव्यात राशोल येथे छापले गेले, आणि त्यात ख्रिस्तजन्माची कथा मराठी ओव्यांत सांगितलेली होती. एका इंग्रजाने मराठीत प्रेमाने गायिलेला जन्म, त्याच्याच भाषेचे लोक ४३ वर्षांनी समुद्रापलीकडे कायद्याने पुसू पाहतात, हे दोन कागद शेजारी ठेवले की मन चकित होते.

प्युरिटनांना खरी चीड होती ती मात्र तारखेपेक्षा त्या दिवशी होणाऱ्या वर्तनाची, आणि ते वर्तन समजण्यासाठी उत्तर युरोपातल्या शेतीचे वर्ष डोळ्यांसमोर आणावे लागते. डिसेंबरपर्यंत सुगी आटोपलेली असे. थंडी पडली की जनावरे कापली जात, त्यामुळे ताजे मांस भरपूर मिळण्याचे वर्षातले दिवस हेच असत. नव्या धान्याची बिअर मुरून तयार असे आणि शेतावर हाताला काम नसे. अशा दिवसांत गावातले गरीब लोक, विशेषतः तरुणांच्या टोळ्या, गाणी म्हणत जमीनदाराच्या दारात जात आणि घरातले उत्तम खाणे आणि उत्तम मद्य मागत. दिले तर धन्याच्या आरोग्याचे पेय घेऊन त्याला दुवा देत, नाही दिले तर त्याच गाण्यातून धमकावत. वर्षभर खाली मान घालून राबणारा माणूस त्या रात्री मान वर करून मागू शकत असे, आणि धन्यालाही ते देणे चुकवता येत नसे. आपल्याकडे शिमग्यात सोंगे घेऊन दारोदार पोस्त मागणारी पोरे ज्याने पाहिली आहेत आणि पोस्त न देणाऱ्या घरापुढे ती काय बोंब ठोकतात हे ज्याने ऐकले आहे, त्याला हा जुना नाताळ परका वाटणार नाही. मला तर निसेनबाउम यांच्या ग्रंथातली ही पाने वाचताना सणांची नावे पुसून टाकली तरी चालतील असे वाटले.

या रीतीतला देवघेवीचा करार मोडला तर काय होत असे, याचा एक पुरावा त्यांनी मॅसॅच्युसेट्समधल्या सेलमच्या न्यायालयाच्या कागदपत्रांतून काढला आहे. १६७९ च्या नाताळच्या रात्री चार तरुण जॉन रोडन नावाच्या शेतकऱ्याच्या घरात शिरले. रोडनची फळबाग होती आणि घरात नासपतीचे मद्य असे. तरुणांनी शेकोटीजवळ बसून गाणी म्हटली आणि मग मद्य मागितले. नकार मिळाल्यावर ते बाहेर पडले, पैसे म्हणून एक नाणे घेऊन परत आले, आणि ते नाणे शिशाचा तुकडा निघाले. त्यानंतर जवळजवळ दीड तास त्यांनी घरावर दगड, हाडे, जे हाताला लागेल ते फेकले. न्यायाधीशांपुढे ही साधी दंगल होती. इतिहासकाराला तिच्यात, कायद्याने मिटवून टाकलेली रीत वसाहतीच्या कडेकोपऱ्यात अजून जिवंत असल्याची खूण दिसते.

त्यांची ही पद्धतच मला सर्वात शिकवून गेली. लोक सण करतात तेव्हा कागदावर काही लिहून ठेवत नाहीत. लिहितात ते सणाला कंटाळलेले, घाबरलेले किंवा चिडलेले लोक. स्कॉटलंडमध्ये ॲबर्डीन येथे १५७४ मध्ये १४ स्त्रियांना नाताळच्या दिवशी नाचून अमंगळ गाणी गायिल्याबद्दल धर्मसभेपुढे उभे केले गेले. आरोप झाला नसता तर त्या १४ जणी नाचल्या होत्या हेही आज कुणाला कळले नसते. इंग्लंडच्या पार्लमेंटने जून १६४७ मध्ये नाताळ रद्द केला आणि त्याच वर्षी कँटरबरीत दुकाने उघडी ठेवण्याच्या हुकुमावरून दंगल उसळली, म्हणून तिथल्या लोकांना हा सण किती प्रिय होता ते आपल्याला समजते. बोस्टनचे न्यायाधीश सॅम्युएल स्यूअल तर दर २५ डिसेंबरला आपल्या रोजनिशीत बारकाईने लिहीत की आज लाकडांच्या गाड्या नेहमीप्रमाणे गावात आल्या, दुकाने नेहमीप्रमाणे उघडी होती, कुणालाही सण पाळायला भाग पाडणारी सत्ता अजून आली नाही याबद्दल देवाचे आभार. ज्या दिवसाला महत्त्व नाही असे ते मानत होते, त्याच दिवशी ते वर्षानुवर्षे गाड्या मोजत राहिले.

माझ्या मनात सर्वात खोल रुतलेली नोंद याहूनही जुनी, १६२१ ची आहे. प्लिमथ वसाहतीचे गव्हर्नर विल्यम ब्रॅडफर्ड नाताळच्या सकाळी लोकांना कामावर बोलवायला गेले, तेव्हा नव्याने आलेल्या काहींनी सांगितले की या दिवशी काम करणे आमच्या मनाला पटत नाही. गव्हर्नरांनी त्यांना सोडले. दुपारी परतल्यावर पाहतात तो हीच मंडळी रस्त्यावर चेंडू खेळत होती. त्यांनी खेळाची साधने काढून घेतली आणि बजावले की तुम्हाला भक्ती करायची असेल तर घरात बसून करा, रस्त्यावर खेळ आणि धुमाकूळ चालणार नाही. पुढच्या दोनशे वर्षांत नाताळचे जे होणार होते, त्याचा सगळा आराखडा या एका वाक्यात आहे.

तो आराखडा प्रत्यक्षात आणला न्यूयॉर्कने. १८०० मध्ये त्या शहराची लोकसंख्या सुमारे ६०,००० होती, १८३० मध्ये ती २,००,००० च्या वर गेली. वर्षभर धन्याच्या घरात राहणारे उमेदवार कारागीर जाऊन रोजंदारीचे मजूर आले, आणि हिवाळ्यात नद्या गोठून व्यापार थांबला की त्यांच्यापैकी अनेकांची रोजी बंद होई. खेड्यात दारात येणारा माणूस धन्याच्या ओळखीचा असे. आता पत्र्याची भांडी बडवीत, शिंगे फुंकीत, दारू पिऊन जे जमाव नाताळपासून नववर्षापर्यंत रस्त्यांवर फिरत, त्यांतला एकही चेहरा घरमालकाच्या परिचयाचा नव्हता. ओळख तुटली की मागणे आणि धमकी यांतले अंतर फार लवकर मिटते. व्यापारी जॉन पिंटार्ड यांनी आपल्या मुलीला लिहिलेल्या पत्रांत या रात्रींच्या गोंगाटाची कटकट आहे, आणि त्याच पत्रांत जुन्या काळच्या मोकळ्या सणाची हळहळही आहे. न्यूयॉर्कच्या इतिहास संस्थेची स्थापना १८०४ मध्ये याच पिंटार्ड यांच्या पुढाकाराने झाली, आणि ६ डिसेंबर १८१० रोजी त्यांनी तिथे संत निकोलसच्या, म्हणजे ज्याचा पुढे सांताक्लॉज झाला त्या जुन्या बिशपच्या, नावाने भोजन घडवून आणून संताचे चित्र छापून वाटले. शहर डचांच्या ताब्यात होते त्या काळापासून ही प्रथा अखंड चालत आली, असा समज पुढे रूढ झाला, परंतु तशा अखंडतेचा पुरावा मिळत नाही. शहरातल्या काही सुखवस्तू, जुन्या वळणाच्या गृहस्थांनी आपल्या बदलत्या शहरासाठी एक भूतकाळ रचला, असे निसेनबाउम दाखवतात.

त्याच वर्तुळातले क्लेमंट क्लार्क मूर हे धर्मशास्त्राच्या विद्यालयात हिब्रू शिकवीत आणि चेल्सी नावाच्या आपल्या विस्तीर्ण वाडीत राहत. शहराचे आखीव रस्ते त्यांच्या जमिनीतून जाऊ लागले तेव्हा १८१८ मध्ये त्यांनी एक पत्रक काढून निषेध केला होता. २३ डिसेंबर १८२३ रोजी ट्रॉय येथील एका वृत्तपत्रात संत निकोलसच्या आगमनावरची जी कविता निनावी छापली गेली, ती त्यांची. तिचे कर्तृत्व दुसऱ्या एका कवीकडे देणारेही आहेत. मूर यांनी १८४४ मध्ये ती आपल्या संग्रहात घेतली आणि निसेनबाउम यांचा कौल मूर यांच्याच बाजूने आहे. जगभर माहीत झालेली ही बालकविता त्यांनी ज्या तऱ्हेने वाचली, तसे वाचन मी क्वचितच पाहिले आहे.

कवितेतला घरधनी रात्री अंगणातल्या आवाजाने दचकून उठतो. त्या काळच्या न्यूयॉर्कमध्ये नाताळच्या रात्री दाराबाहेर आवाज झाला, तर काय मनात येत असेल, हे आपण आता जाणतो. आत आलेला पाहुणा बिशपच्या वेषात नाही. त्याच्या अंगावर राख आणि काजळी आहे, पाठीवर फेरीवाल्यासारखे गाठोडे आहे आणि तोंडात आखूड चिलीम आहे. लांब नळीची चिलीम ही त्या काळी आरामात बसणाऱ्यांची आणि आखूड चिलीम कष्टकऱ्यांची, हे निसेनबाउम ध्यानात आणून देतात. म्हणजे रात्री घरात शिरलेला हा माणूस दिसायला रस्त्यावरचाच आहे. परंतु तो गात नाही, मद्य मागत नाही, घरधन्याला भिण्याचे कारण नाही एवढे खुणेने कळवतो, मुलांच्या मोज्यांत भेटी भरतो आणि निघून जातो. मागणारा होता तो देणारा झाला. आणि हे माझे स्वतःचे निरीक्षण आहे, की तो दारातून येत नाही. तो धुराड्यातून येतो, म्हणून त्याच्यासाठी कुणालाही दार उघडावे लागत नाही.

यानंतरची वाटचाल वेगाने झाली. जुन्या सणात धन्याने गरिबाला द्यायचे होते. नव्या सणात वडिलांनी मुलांना द्यायचे झाले. वर्षातून एकदा खालच्याने वर बसण्याची जी मुभा होती, तीही घराच्या चार भिंतींत आली आणि मुलांच्या वाट्याला गेली. भेटी द्यायच्या तर त्या विकत आणणे आले, त्यामुळे घरगुती नाताळ आणि दुकानातला नाताळ ही जुळी भावंडे आहेत, आधी निर्मळ सण आणि मग त्याचा बाजार असा क्रम कधी नव्हताच. हॅरिएट बीचर स्टो यांच्या १८५० मधल्या एका कथेतही एक पात्र तक्रार करते की कुणाला नको असलेल्या वस्तूंवर या दिवसांत किती पैसा वाया जातो, आपल्या लहानपणी असे नव्हते. हे वाचल्यापासून ‘पूर्वीचा नाताळ राहिला नाही’ हे वाक्य कानावर आले की मला १८५० हे साल आठवते. झाड, कार्ड, फटाका यांच्या कथा सर्वांना ठाऊक आहेत. १८४३ मध्ये हेन्री कोल यांनी लंडनमध्ये काढलेले पहिले छापील नाताळकार्ड एक शिलिंगला विकले जात होते, एवढेच इथे नोंदवते.

दार बंद झाले तरी मागणारे संपले नव्हते, हे सांगणारे दक्षिणेकडील प्रकरण मला सबंध ग्रंथात सर्वात मोलाचे वाटते. अमेरिकेच्या दक्षिण भागात गुलामांना नाताळपासून नववर्षापर्यंत सुट्टी मिळे, मालक त्यांना भेटी आणि दारू देत. गुलामीतून निसटलेले फ्रेडरिक डग्लस यांनी १८४५ मध्ये लिहिले की, ही सुट्टी म्हणजे बंडाची वाफ बाहेर सोडणारी झडप आहे, ती बंद केली तर मालकांना गुलामी टिकवणे अवघड जाईल. मग उत्तर आणि दक्षिण यांच्यात यादवी युद्ध झाले, गुलामी संपली. जानेवारी १८६५ मध्ये उत्तरेचे सेनापती शर्मन यांनी किनारपट्टीवरच्या मुक्त झालेल्या कुटुंबांना प्रत्येकी ४० एकरांपर्यंत जमीन देण्याचा हुकूम काढला होता, परंतु अध्यक्ष अँड्र्यू जॉन्सन त्या जमिनी जुन्या मालकांना परत देऊ लागले. त्या वर्षाच्या शेवटी दक्षिणेत सर्वदूर बातमी पसरली की नाताळच्या दिवशी जमिनीची वाटणी होणार. ज्या दिवशी धन्याने द्यायचेच असते, त्या दिवशी सरकार देईल, ही अपेक्षा त्या जुन्या सणातूनच उगवलेली होती. गोऱ्या मालकांनी तीच बातमी उठावाची पूर्वसूचना म्हणून ऐकली आणि शस्त्रे जमवली. २५ डिसेंबर आला आणि गेला. उठाव झाला नाही, आणि जमीनही मिळाली नाही.

निसेनबाउम यांच्या मांडणीत एका ठिकाणी माझे मन अडते. घरगुती नाताळ श्रीमंतांच्या भीतीतून जन्मला, हे मी मान्य करते; पण तो गरिबांनीही इतक्या मनापासून का स्वीकारला, याचे उत्तर भीतीत सापडणार नाही. बारा बारा तास राबणाऱ्या माणसालाही एक दिवस आपल्या मुलांसोबत शेकोटीजवळ बसायचे असेल. शिवाय न्यायालये, धर्मसभा आणि रोजनिश्या यांनी जे पाहिले ते दारापर्यंतचे पाहिले. आत चुलीपाशी नाताळच्या आधी आठ दिवस ज्या बायका पीठ मळत होत्या त्यांना कुणी दंड केला नाही, म्हणून त्यांची नोंदही राहिली नाही. मावशींच्या ओट्यावर बसून काट्याच्या पाठीवर कुलकुल वळायला मी शिकले, तेव्हा त्यांची सासू सांगत असे की हे तिला तिच्या आजीने शिकवले. त्यामागे किती पिढ्या आहेत, हे कुठल्याही कागदावर मिळणार नाही.

ग्रंथ पहिल्यांदा वाचून खाली ठेवला तेव्हा मला ताटापेक्षाही एक वेगळी गोष्ट आठवली होती. नाताळच्या आधीच्या आठवड्यात चर्चमधली तरुण मुले रात्री गाणी म्हणत घरोघर फिरत. गिटार, ढोलकी, एकाच्या हातात कंदील आणि एकाच्या हातात वरून फट पाडलेला पत्र्याचा डबा. ख्रिस्ती घर, हिंदू घर असा भेद ती करीत नसत; आमच्याही दारात येत, मराठीतली दोन गाणी म्हणत आणि डबा पुढे करीत. जमलेले पैसे गावातल्या अडलेल्या घरांना जात. बाबा गाणी संपेपर्यंत उंबऱ्यावर उभे राहत, आई चिवड्याची परात घेऊन मागून येई, आणि डब्यात नाणी टाकण्याचे काम माझ्याकडे असे. त्या आठवड्यात आमच्या पुढच्या दाराला रात्री दहापर्यंत कडी लागत नसे.